उलटी थांबली, तरी दोन दिवस स्वयंपाक नको

सन १९६८ मध्ये अमेरिकेतील नॉरवॉक गावच्या शाळेत उलट्या-जुलाबांची साथ आली. १९७२ मध्ये तिचा विषाणू सापडला. त्या गावावरूनच ‘नोरोव्हायरस’ हे नाव पडले. रोग्याच्या उलटी-शौचातील अगदी थोडे कण हातांवाटे अन्नात गेले, तरी सारे घर आजारी पडू शकते.

बहुतेकांना एक ते तीन दिवसांत बरे वाटते. पण विषाणू शौचातून पुढेही बाहेर पडत राहतो. इथेच आपण चुकतो. उलटी थांबली की लगेच पंगतीत वाढायला उभे राहतो! म्हणून बरे वाटल्यावरही किमान ४८ तास स्वयंपाक करू नये, वाढू नये. हात साबणाने व वाहत्या पाण्याने २० सेकंद चोळून धुवावेत. केवळ सॅनिटायझर पुरत नाही. उलटीची जागा ब्लीचच्या पाण्याने पुसावी.

सेवा करणे चांगलेच. पण अशा वेळी दोन दिवस थांबणे हीही सेवाच आहे.