चित्रावरून चित्राच्या मुळाकडे

धार आणि देवास ही माळव्यातील पवार घराण्याची जुनी संस्थाने. अठराव्या शतकातील मराठ्यांच्या मोहिमांबरोबर अनेक मराठी कुटुंबे तेथे गेली व स्थायिक झाली. या दोन्ही नगरांतील राजे, वाडे आणि मूर्ती यांची छायाचित्रे आज मोबाइलवरून गावोगाव फिरतात. प्रत्येक चित्राखाली कोणी तरी एक ओळ लिहिलेली असते. ती ओळ खरी कशावरून, हा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो. त्याचे उत्तर शोधण्याचे एक सोपे साधन म्हणजे प्रतिमाशोध होय.

नेहमीच्या शोधात शब्द लिहून चित्र मागवले जाते. प्रतिमाशोधात चित्रच देऊन ते अन्यत्र कोठे आढळते हे विचारले जाते. शोधयंत्र चित्रातील आकार, कडा व रंगांची मांडणी यांचे अंकांत रूपांतर करते आणि आपल्या साठ्यातील चित्रांच्या अंकांशी ते ताडून पाहते. ‘टिनआय’ ही अशी सेवा २००८ पासून, तर गूगलची २०११ पासून उपलब्ध आहे.

कृती अवघड नाही. संगणकावरील ब्राउझरमध्ये गूगलचे चित्रशोधाचे पान उघडून शोधपेटीतील कॅमेऱ्याच्या खुणेवर क्लिक करावे व आपल्याजवळील चित्र अपलोड करावे. चित्र एखाद्या पानावरच असेल, तर क्रोम ब्राउझरमध्ये त्यावर माउसचे उजवे बटण दाबावे; मोबाइलवर बोट दाबून धरावे; आणि गूगल लेन्सने शोधण्याचा पर्याय निवडावा. टिनआयवर सर्वांत जुनी नोंद प्रथम पाहता येते. मात्र तेथील तारीख ही त्या यंत्राला चित्र प्रथम आढळल्याची असते, चित्र काढल्याची नव्हे.

धारचेच उदाहरण घ्यावे. तेथील एक पाषाणमूर्ती लंडनच्या ब्रिटिश संग्रहालयात आहे. ‘राजा भोजाची वाग्देवी’, अर्थात सरस्वती, म्हणून तिचे छायाचित्र सर्वत्र दिसते. १९२४ मध्ये ओ. सी. गांगोली व के. एन. दीक्षित यांनी ही ओळख प्रसिद्ध केली होती. या चित्राचा माग काढीत संग्रहालयाच्या नोंदीपर्यंत गेल्यास मात्र तेथे अंबिका हे नाव आढळते. मूर्तीच्या पायथ्यावर संवत् १०९१ चा, म्हणजे इ. स. १०३४ चा लेख आहे. त्याचा काही भाग झिजलेला आहे. हरिवल्लभ भायाणी व किरीट मंकोडी यांनी तो पुन्हा अभ्यासला. त्यांच्या वाचनानुसार, वररुचीने आधी वाग्देवी घडविली आणि नंतर अंबिकेची ही मूर्ती करविली. म्हणजे ‘वाग्देवी’ हा शब्द लेखात आहेच; परंतु तो दुसऱ्या मूर्तीविषयी आहे, हे सबंध वाक्य वाचल्यावाचून कळत नाही. भोजशाळेसंबंधीचे इतर प्रश्न यावरून सुटत नाहीत. एवढेच दिसते, की शेकडो पानांवर एकच ओळ असली तरी ते शेकडो पुरावे नव्हेत. पुष्कळ पाने एकमेकांवरूनच उतरविलेली असतात.

देवासचे उदाहरण नामसाम्याचे आहे. देवासमध्ये थोरली पाती व धाकटी पाती अशी दोन स्वतंत्र संस्थाने होती. थोरल्या पातीचे तिसरे तुकोजीराव पवार १९३७ मध्ये निवर्तले. इंग्रज कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर १९२१ मध्ये त्यांचे खाजगी चिटणीस होते. त्याच काळात शेजारच्या इंदूरलाही तिसरे तुकोजीराव, पण होळकर, राज्य करीत होते. त्यांनी १९२६ मध्ये गादी सोडली. केवळ नावाने शोध घेणाऱ्याची येथे सहज फसगत होईल. चित्र देऊन शोधल्यास ते कोणत्या संग्रहातील आहे हे कळण्याची शक्यता असते, आणि मग तेथील मूळ नोंद वाचून निर्णय करता येतो.

ही दक्षता केवळ इतिहासापुरती नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे मुले पळविणारी टोळी समजून जमावाने पाच निरपराध माणसांचा जीव घेतला. ती माणसे भिक्षा मागून पोट भरणारी होती. त्या वर्षी देशभर फिरलेल्या चित्रफितींपैकी एक तर कराचीतील बालसुरक्षेच्या प्रचारपटातून कापलेली होती. मुलाला परत आणून सोडल्याचा शेवटचा भाग काढून टाकण्यात आला होता. अशा चित्रफितीतील एक स्थिर दृश्य घेऊन त्याचाही प्रतिमाशोध करता येतो.

या साधनाच्या मर्यादाही ओळखाव्यात. कापलेले वा उलटे केलेले चित्र सापडेलच असे नाही. काहीच न सापडणे म्हणजे चित्र खरे असणेही नव्हे. स्वतःची कागदपत्रे किंवा मुलांची छायाचित्रे शोधासाठी अपलोड करू नयेत.

शिक्षकांनी वर्गात एखादे परिचित चित्र घेऊन हा प्रयोग करून दाखवावा. ग्रामपंचायतीत संगणक आहे तेथे ग्रामसेवकांनी गावकऱ्यांना तो शिकवावा. चित्र पुढे पाठविण्यास एक क्षण पुरतो, तर त्याचे मूळ तपासण्यास काही मिनिटे लागतात. राईनपाड्याची आठवण ठेवली, तर ती काही मिनिटे कोणालाही जड वाटू नयेत.