विश्रांतीच्या दिवसाची भाकर

शास्त्रपाठ : निर्गम ५:१-९, निर्गम १६:२२-३०, अनुवाद ५:१२-१५, अनुवाद २४:१४-१५



नव्या वर्षाची दिनदर्शिका भिंतीवर लागली, की घरातील लहानथोर सर्वजण प्रथम तांबड्या अक्षरांतील तारखा शोधू लागतात. नाताळ कोणत्या वारी आला, १५ ऑगस्ट रविवारी तर गेला नाही ना, याची चौकशी होते. परंतु ही तांबडी तारीख सर्वांच्या वाट्याला सारखी येत नाही. बँकेतील कारकुनाला त्या दिवशी विश्रांती मिळते आणि महिन्याचा पगारही पूर्ण मिळतो. इमारतीच्या कामावर विटा वाहणाऱ्या मजुराचे काम त्याच दिवशी बंद राहते आणि त्याबरोबर त्याची मजुरीही बुडते. एकासाठी जो सण, तोच दुसऱ्यासाठी उसनवारीचा दिवस ठरतो. सुट्टी म्हणजे नेमके काय, आणि त्या दिवसाची भाकर कोणी द्यावयाची, या प्रश्नाचा आपण या पाठात विचार करू.

१. फारोचे उत्तर आणि मान्न्याचा धडा

पवित्र शास्त्रात सणाच्या सुट्टीची मागणी फार जुनी आहे. मोशे व अहरोन फारोपुढे गेले आणि लोकांना रानात जाऊन परमेश्वराचा उत्सव करता यावा म्हणून त्यांनी परवानगी मागितली. फारोने काय केले? लोक आळशी झाले आहेत असा आरोप त्याने केला, विटांसाठी लागणारे गवत देणे बंद केले, आणि विटांचा रोजचा हिशेब मात्र तोच ठेवला. सुट्टी मागणाऱ्याला आळशी ठरविणे आणि काम तेवढेच ठेवून साधने कमी करणे, ही धन्यांची रीत किती पुरातन आहे, हे यावरून ध्यानात येते.

त्याच लोकांना परमेश्वराने रानात विश्रांतीचा दिवस दिला तो कसा, हे निर्गमाच्या सोळाव्या अध्यायात पाहा. केवळ आज्ञा देऊन तो थांबला नाही. सहाव्या दिवशी दर माणशी दुप्पट मान्ना मिळाला, आणि सातव्या दिवसासाठी राखून ठेवलेला तो नासला नाही. विश्रांतीची आज्ञा आणि त्या दिवसाचे अन्न ही दोन्ही एकाच हातून आली. ज्याने हात थांबवावयास सांगितले, त्यानेच ताट भरले. पुढे अनुवादाच्या पाचव्या अध्यायात या विश्रांतीची मर्यादा वाढते. घरचा दास, दासी, परका, इतकेच नव्हे तर बैल व गाढव यांनाही विसावा मिळावा, कारण तुम्हीही एके काळी मिसर देशात दास होता, असे कारण तेथे दिलेले आहे.

हा धडा हाती घेऊन आपण आपल्या देशातील दोन बंदरांच्या शहरांकडे वळू. पहिले मुंबई, दुसरे मद्रास म्हणजे आजचे चेन्नई.

२. मुंबईचा रविवार

रविवारची सुट्टी इंग्रज सरकारने चर्चकरिता दिली, असा पुष्कळांचा समज आहे. सरकारी कचेऱ्यांपुरते ते खरे मानले, तरी गिरणी कामगाराला ती तशी मिळाली नाही. नारायण मेघाजी लोखंडे हे महात्मा फुले यांचे सहकारी, सत्यशोधक आणि ‘दीनबंधु’ पत्राचे संपादक. त्यांनी १८८४ मध्ये मुंबईच्या गिरणी कामगारांना एकत्र केले आणि सुमारे ५,५०० कामगारांच्या सह्यांचा अर्ज तयार केला. आठवड्यातून रविवारी सुट्टी असावी, दुपारी अर्धा तास विसावा मिळावा, पगार ठराविक तारखेपर्यंत हाती पडावा, कामावर इजा झाल्यास भरपाई मिळावी, अशा साध्या मागण्या त्यात होत्या. सहा वर्षे पाठपुरावा चालला. २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार कामगारांची सभा भरली. तीत स्त्री-कामगारांनीही भाषणे केली. अखेर १० जून १८९० रोजी गिरणीमालकांच्या संघाने साप्ताहिक सुट्टी मान्य केली. पुढच्याच वर्षी, १८९१ च्या कारखाना कायद्यात साप्ताहिक सुट्टीची तरतूद आली.

ज्या रविवारी आपण उपासनेला जातो, तो दिवस मोकळा व्हावा म्हणून एका सत्यशोधकाने व हजारो अख्रिस्ती कष्टकऱ्यांनी झीज सोसली, याचे आपण कृतज्ञतेने स्मरण ठेवले पाहिजे.

परंतु एक गोष्ट राहिली होती. त्या कायद्याने दिवस दिला. दिवसाची मजुरी दिली नाही. हात थांबले, पण मान्ना दुप्पट झाला नव्हता.

३. मद्रासचा समुद्रकिनारा

आता चेन्नईकडे येऊ. मरीना किनाऱ्यावर चार मजूर अंगातील सारे बळ एकवटून एक प्रचंड शिळा हलवीत आहेत, असे एक शिल्प आहे. देवीप्रसाद रायचौधुरी यांनी ते घडविले आणि १९५९ मध्ये ते तेथे उभे राहिले. तमिळ लोक त्याला ‘उळैप्पाळर सिलै’, म्हणजे कष्टकऱ्यांचा पुतळा म्हणतात.

याच शहरात २७ एप्रिल १९१८ रोजी मद्रास लेबर युनियन स्थापन झाली. बकिंगहॅम व कर्नाटिक गिरण्यांतील कामगारांची एक मोठी तक्रार होती ती दुपारच्या जेवणाला मिळणाऱ्या अपुऱ्या वेळेची. बी. पी. वाडिया यांनी त्यांचे नेतृत्व केले. पुढे १ मे १९२३ रोजी सिंगारवेलर या वयोवृद्ध वकिलांनी मद्रासला दोन ठिकाणी सभा भरविल्या, एक उच्च न्यायालयासमोरील किनाऱ्यावर व दुसरी ट्रिप्लिकेनच्या किनाऱ्यावर. भारतातील कामगार दिनाचा हा पहिला सोहळा मानला जातो. सरकारने १ मे हा सुट्टीचा दिवस जाहीर करावा, अशी मागणी त्या दिवशी झाली. तामिळनाडूत ती पगारी सुट्टीच्या रूपाने फळास आली १९६९ साली. मागणी आणि पूर्तता यांच्यामध्ये शेहेचाळीस वर्षे गेली.

४. कायद्याने दिलेली भाकर

दरम्यान मद्रास राज्याने १९५८ मध्ये औद्योगिक आस्थापनांतील राष्ट्रीय व सणांच्या सुट्ट्यांसंबंधी एक कायदा केला. आपल्या अभ्यासाच्या दृष्टीने तो फार महत्त्वाचा आहे. त्यानुसार २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट व २ ऑक्टोबर हे चार दिवस आणि सणांचे आणखी पाच दिवस, असे वर्षाला नऊ दिवस कामगाराला सुट्टी मिळते. कोणते पाच सण, हे धनी व कामगार यांच्याशी विचारविनिमय करून ठरते आणि ती यादी कामाच्या जागी लावावी लागते.

या कायद्याचे सार मजुरीच्या कलमात आहे. सुट्टीच्या दिवसाची मजुरी दिलीच पाहिजे. त्या दिवशी कामावर बोलाविले, तर कामगाराने दोहोंपैकी एक निवडावे : दुप्पट मजुरी, किंवा त्या दिवसाची मजुरी आणि त्याबदली दुसऱ्या एखाद्या दिवशी पगारी सुट्टी. समजा, एखाद्या कामगाराची रोजची मजुरी ६०० रुपये आहे. सुट्टीच्या दिवशी तो घरी राहिला तरी त्याला ६०० रुपये मिळतील. कामावर गेला तर १,२०० रुपये, अथवा ६०० रुपये व बदली सुट्टी. नऊ दिवसांचा हिशेब केला तर वर्षाला ५,४०० रुपये होतात. ज्या घरात महिनाअखेरीस डाळ-तांदूळ उसने आणावे लागतात, तेथे ही रक्कम लहान नव्हे.

येथे एक गैरसमज दूर करावयास हवा. शासन दरवर्षी सार्वजनिक सुट्ट्यांची जी लांबलचक यादी प्रसिद्ध करते, ती बहुतांशी १८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम २५ खाली असते. त्या कलमाचा संबंध धनादेश व हुंड्यांच्या व्यवहाराशी, म्हणजे मुख्यत्वे बँकांशी आहे. तारीख त्या यादीत आली म्हणून खाजगी दुकानातील वा कारखान्यातील नोकराला पगारी सुट्टीचा हक्क आपोआप मिळत नाही. त्यासाठी वेगळा कायदा किंवा करार लागतो. महाराष्ट्रात दुकाने व आस्थापनांच्या २०१७ च्या कायद्याने, तो ज्यांना लागू आहे त्या कामगारांना, वर्षाला आठ पगारी सणाच्या सुट्ट्या दिल्या आहेत : वरील चार राष्ट्रीय दिवस आणि परस्परांच्या संमतीने ठरलेले चार. नाताळ किंवा उत्तम शुक्रवार त्या चारांत यावा असे वाटत असेल, तर आपल्या नोकरदार बांधवांनी वर्ष सुरू होण्यापूर्वीच ते विनयाने सांगितले पाहिजे. यादी ठरल्यावर हळहळून उपयोग नाही.

मतदानाच्या दिवसाची तरतूदही जाणून घ्या. लोकप्रतिनिधित्व कायद्यात १९९६ मध्ये आलेल्या कलम १३५-ब नुसार मतदाराला त्या दिवशी पगारी सुट्टी मिळते, आणि ज्याला काम न केल्यास एरवी मजुरी मिळत नाही, त्यालाही त्या दिवसाची मजुरी द्यावयाची आहे. रोजंदारीच्या माणसाला पगारी सुट्टी देणे अशक्य आहे, असे जे म्हणतात त्यांना हे कलम पुरेसे उत्तर आहे.

५. वेळेचा व्यवहार

सुट्टीचा प्रश्न आता सुटला, असे मात्र समजू नये. तामिळनाडू विधानसभेने २१ एप्रिल २०२३ रोजी एक विधेयक संमत केले. त्यायोगे कारखान्यांना बारा तासांपर्यंत कामाचा दिवस ठेवण्याची मुभा मिळणार होती. आठवड्याचे एकूण तास वाढणार नाहीत, उलट सुट्टीचे दिवस अधिक मिळतील, असे समर्थक म्हणत. बारा तास उभे राहिलेल्या शरीराला जास्तीच्या सुट्टीत केवळ निजणेच उरेल, असे विरोधकांचे म्हणणे होते. कामगार संघटनांच्या विरोधानंतर ते स्थगित झाले आणि १ मे रोजी मुख्यमंत्री स्टालिन यांनी ते मागे घेतल्याचे जाहीर केले.

याच राज्याने २०२२ मध्ये दहा वा अधिक कामगार असलेल्या दुकानांना रात्रंदिवस, वर्षभर उघडे राहण्यास परवानगी दिली. प्रत्येक नोकराला पाळीपाळीने आठवड्याची सुट्टी द्यावी, ही अट त्यात होती. अट चांगली, परंतु आईला मंगळवारी, बापाला गुरुवारी आणि मुलांना रविवारी सुट्टी मिळाली, तर त्या घराने एकत्र जेवावे केव्हा आणि प्रार्थना करावी केव्हा? आमोस संदेष्ट्याने (८:५) अशा व्यापाऱ्यांना दोष दिला आहे, ज्यांना शब्बाथ केव्हा एकदा संपतो आणि धान्याची कोठारे केव्हा उघडतो असे झाले होते. तो दोष विकणाऱ्यांना दिला असला, तरी सणाच्या दिवशी रात्री दहा वाजता खरेदीला निघणाऱ्या आपणालाही त्याचा काही अंश लागतोच.

देशाच्या चार नव्या कामगार संहिता २१ नोव्हेंबर २०२५ रोजी अमलात आल्या आहेत. आठवड्यातून सहा दिवसांहून अधिक काम घेऊ नये, हे तत्त्व त्यांत कायम आहे. वार्षिक पगारी रजेसाठी जुन्या कारखाना कायद्यात २४० दिवस काम भरावे लागे. आता १८० दिवसांची अट आहे.

६. आपल्या दाराशी

एवढे कायदे असूनही, ते ज्यांच्यापर्यंत पोहोचत नाहीत असे लोक आपल्या दाराशीच आहेत. घरकाम करणारी बाई, ठेकेदाराचा सफाई कामगार, रोजंदारीचा माळी, सोसायटीचा रखवालदार. नाताळच्या सकाळी आपण उपासनेला जातो, तेव्हा आपल्या स्वयंपाकघरात भांड्यांचा ढीग कोणासाठी पडलेला असतो? त्या बाईने आपल्या सणाला दोन दिवस खाडा केला, तर आपण पैसे कापतो काय?

मंडळीनेही आपल्या अंगणात पाहावे. चर्चची घंटा वाजविणारा, बाके पुसणारा सेवक रविवारी, उत्तम शुक्रवारी, नाताळात, सर्वांची सुट्टी असते तेव्हाच अधिक राबतो. त्याची बदली सुट्टी कोणत्या वारी, हे पंचांच्या कमिटीने कधी ठरविले आहे काय? आपल्या शाळा व दवाखान्यांत कंत्राटावर असलेल्यांना राष्ट्रीय सुट्टीची मजुरी मिळते काय? ‘ते ठेकेदाराचे काम’ हे उत्तर याकोबाच्या पत्रातील (५:४) कापणी करणाऱ्यांच्या आक्रोशापुढे टिकणारे नाही.

करावयाच्या गोष्टी साध्या आहेत. घरच्या कामगाराशी वर्षारंभी बसून सुट्ट्या ठरवाव्यात : आठवड्यातून एक दिवस, चार राष्ट्रीय दिवस, आणि सण तिच्या आवडीचे, आपल्या नव्हेत. त्या दिवसांचे पैसे कापू नयेत. सुट्टीच्या दिवशी बोलाविणे भागच पडले, तर दुप्पट द्यावे किंवा बदली दिवस द्यावा, आणि निवड तिच्यावर सोपवावी. सुट्टीनंतरच्या दिवशी दोन दिवसांचे काम एकदम तिच्यापुढे टाकू नये. फारोच्या विटांचा हिशेब तो हाच. आणि सुट्टी दिली ती उपकार म्हणून नव्हे. मान्ना वेचणाऱ्यांना सातव्या दिवशी कोणाचे आभार मानत फिरावे लागले नाही. त्यांचा वाटा आदल्या दिवशीच त्यांच्या भांड्यात होता.

मननासाठी व चर्चेसाठी प्रश्न

१. परमेश्वराने सहाव्या दिवशी दुप्पट अन्न दिले नसते, तर सातव्या दिवसाच्या आज्ञेचा गरिबांवर काय परिणाम झाला असता?

२. लोखंडे यांना मिळालेली सुट्टी व १९५८ च्या मद्रास कायद्यातील सुट्टी यांत कोणता मुख्य फरक आहे?

३. आपल्या कामाच्या ठिकाणी सणांच्या सुट्ट्यांची यादी कोण ठरवितो? ती लावलेली आपण पाहिली आहे काय?

४. आपल्या घरी, मंडळीत वा संस्थेत काम करणाऱ्या प्रत्येकाचे नाव लिहा व त्यापुढे त्याच्या पगारी सुट्टीचे दिवस लिहा. कोणाच्या नावापुढची जागा रिकामी राहते?