एचपी शेवटी विचार

चि. बाळास,


उजनीच्या फुगवट्यावरून माळावरच्या डाळिंबाला पाणी न्यायचंय, पाच एचपी पुरेल का, असं विचारलंस. बाबा, एचपी शेवटी. आधी फूट सांग.

माझी पहिली मोटर मी दिवाळीत घेतली. धरण तुडुंब, पाणी बांधाला टेकलेलं. उंची तिथूनच धरली. वैशाखात पाणी मागं सरकलं आणि माळावर करंगळीएवढी धार! चूक माझीच. उजनी भरली की पातळी 496.83 मीटर, मृतसाठ्याला 491.03. हे 19 फूट आधीच मांड. धरण मायनसमध्ये, म्हणजे मृतसाठ्याच्याही खाली, गेलं तर आणखी.

गवंड्याची पाण्याची नळी घे आणि टप्प्याटप्प्यानं उंची मोज. डोळ्याला उतार फसवतो. समज, भरल्या पाण्यापासून माळाचा माथा 70 फूट. त्यात 19 घाल. ठिबकला फिल्टरपाशी दोन किलोचा दाब, म्हणजे 66 फूट. दोन हजार फूट पाइपात पाणी घासतं, तेही उंचीसारखंच मोजायचं: सेकंदाला पाच लिटरला तीन इंचीत 19 फूट, अडीच इंचीत 45! पाइपात वाचवलेले पैसे वीजबिलात जातात. तीन इंची धरून एकूण 174 फूट, म्हणजे 53 मीटर. पाचाला त्रेपन्नानं गुण, पंचाहत्तरानं भाग: साडेतीन एचपी. पंप-मोटर मिळून निम्मं खातात, म्हणून साडेसातचीच घे.

पाटीवरचा हेडचा आकडाही बघ. जास्त हेडचा पंप भरल्या धरणात कमी उंचीवर चालला की पाणी जास्त फेकतो, अँपिअर चढतो, मोटर जळते. तेव्हा डिलिव्हरीचा व्हॉल्व्ह थोडा आवळायचा. सक्शनचा कधीच नाही.

सक्शनचं गणित वेगळं. पंप पाणी ओढतो असं आपण म्हणतो, पण ढकलते हवा. समुद्रकाठी ती 34 फूट ढकलते. आपण सोळाशे फूट उंचावर, इथं 32. त्यातलं काही फुटबॉल (फूट व्हॉल्व्ह), बेंड आणि तापलेलं पाणी खातं. मी अठरा फुटांपुढं जात नाही. पाणी उतरलं की मोटरही खाली सरकवायची. वायर आणि पाइप तेवढे जादा घेऊन ठेव.

रविवारी नळी घेऊन येतो. तोवर दुकानात इसार देऊ नकोस. वहिनींना नमस्कार.

तुझा,
काका