रेक्झिन का सुटते?

मोटारसायकलची सीट, टेम्पोच्या दाराचे आतले कव्हर, दवाखान्यातले बाकडे ज्याने मढवतात त्याला आपण रेक्झिन म्हणतो. त्याचा वरचा थर बहुधा पीव्हीसी म्हणजे व्हिनाइल या प्लॅस्टिकचा असतो. माझे मामा तालुक्याला सीटकव्हरचे दुकान चालवतात. सुट्टीत मी त्यांना पुष्कळ प्रश्न विचारले.

पीव्हीसी मुळात कडक. पाण्याचा पाइप बघा ना! त्यात तेलासारखे एक द्रव्य मिसळले की ते मऊ होते. १९२६ साली अमेरिकेत वाल्डो सेमन हे रसायनतज्ज्ञ रबर धातूला चिकटवण्यासाठी काहीतरी शोधत होते. ते शोधताना त्यांना हे मऊ व्हिनाइल सापडले. गंमत अशी, की आता त्यालाच चिकटवणे अवघड!

कारण ते तेलकट द्रव्य आत गप्प बसत नाही. हळूहळू बाहेर येते आणि साध्या रबरी सोल्यूशनमध्ये उतरते. मग सोल्यूशन चिकचिकीत होते आणि कडा उचलतात. उन्हात तापणाऱ्या गाडीत हे लवकर होते. म्हणून डब्यावर 'व्हिनाइलसाठी' असे लिहिले आहे का ते वाचावे. पालकांनीही कारागिराला विचारायला काय हरकत आहे? पैसे आपलेच जातात. रेक्झिनच्या पाठीला कापड असले तर काम सोपे, कारण सोल्यूशन धाग्यांना धरून बसते.

मामा आधी रेक्झिन व फोम यांवरची धूळ काढतात. मग वीतभर अंतरावरून दोन्हींवर पातळ फवारा मारतात आणि थांबतात! घाई केली की फुगे येतात. बोट लावले तर चिकट लागावे, पण बोटाला काही येऊ नये. मग मधून कडेकडे दाबत जायचे. एकदा बसले की सरकत नाही, म्हणून खडूने आधीच खुणा केलेल्या असतात.

फवाऱ्याची वाफ पेट घेते, डोकेही दुखते. त्या वेळी दुकानाचे शटर पूर्ण उघडे असते, विडी-काडी बंद, आणि आम्हा मुलांना बाहेर पिटाळतात. मला ते आवडत नाही, पण मामांचे बरोबर आहे.

पावसाळ्यात आणखी एक अडचण. सोल्यूशन उडून जाताना पृष्ठभाग गार पडतो आणि दमट हवेतले पाणी त्यावर धरते, जसे गार पाण्याच्या तांब्याला बाहेरून धरते तसे. मग पकड कच्ची राहते. म्हणून श्रावणात मामा चांगले ऊन पडेपर्यंत फवाऱ्याला हातच लावत नाहीत; तोवर शिलाई उरकतात.