वाघ्याचं औषधपाणी

तळेगाव दाभाडे

चि. ओंकार,


कामशेतच्या हायवेवर वाघ्याच्या पायाला मोटारसायकल लागल्याचं वहिनींनी फोनवर सांगितलं. रात्री तो कण्हतो म्हणून तू घरातली तापाची गोळी अर्धी करून द्यायला निघाला होतास म्हणे. देऊ नकोस. डॉक्टरांनी त्याला मेलॉक्सिकॅम दिलंय. त्यावर आपल्या मनानं दुसरं वेदनाशामक दिलं, तर जठरात व्रण पडू शकतात, मूत्रपिंडावर ताण येतो. आयबुप्रोफेन तर मुळीच नको. आणि मनीच्या आसपास पॅरासिटामॉल ठेवूही नकोस. मांजराच्या यकृताला त्याचा निचरा करता येत नाही, एक गोळीही जिवावर बेतते.

माणसाला चालतं ते जनावराला चालतं, ही समजूत मावळात घरोघर आहे. गिधाडांचं काय झालं ते आठव. दुखऱ्या गुरांना टोचलेलं डायक्लोफेनॅक मेलेल्या गुरांच्या मांसातून त्यांच्या पोटात गेलं आणि मूत्रपिंडं निकामी होऊन ती पटापट मेली. २००६ साली जनावरांसाठी त्यावर बंदी आली, तोवर बहुतेक गिधाडं गेली होती. मेलॉक्सिकॅम गिधाडांना बाधत नाही, म्हणून गुरांसाठी तेच सुचवलं गेलं. पण वाघ्यालाही ते वजनाच्या हिशेबानंच द्यायचं. शेजारच्या कुत्र्याची उरलेली गोळी म्हणूनच चालत नाही.

गोळी जेवणानंतर दे. भाकरीचा एक घास साधा, दुसऱ्यात गोळी, लगेच तिसरा साधा; तिसऱ्याच्या लोभानं दुसरा गिळला जातो. घास रश्श्यात मात्र बुडवू नकोस, कांदा-लसूण कुत्र्याला बाधतो. गोळी कुटायची असेल तर आधी डॉक्टरांना विचार. पातळ औषध असेल तर सुई काढलेल्या सिरिंजनं गालाच्या फटीत थोडं थोडं सोड. तुझे आजोबा बैलाची मान उचलून बांबूच्या नळीनं पाजत. तसं केलंस तर औषध फुप्फुसात जाऊ शकतं.

एखादी वेळ चुकली तर पुढच्या वेळी दुप्पट देऊ नकोस. उलट्या, काळी शी किंवा खाणं बंद दिसलं, की औषध थांबवून डॉक्टरांना फोन लाव. कण्हणं वाढलं तरीही डॉक्टरांनाच फोन लाव.

दुखऱ्या पायाला हात लागला की वाघ्या तुलाही चावेल, त्याचा राग धरू नकोस. पण जखम साबणानं वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धू आणि त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात जा. त्याला लस दिलीय म्हणून घरी बसू नकोस.

रविवारच्या लोकलनं येतो. डॉक्टरांची चिठ्ठी जपून ठेव.

तुझा,
काका