आजचे बेट आणि उद्याचे बेट

कीर्तनात रेवतीची कथा तुम्ही ऐकली असेल. तिचा बाप ककुद्मी राजा. लेकीसाठी वर कोण पाहावा, हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणे चालू होते, म्हणून घटकाभर थांबला. तेवढ्यात इकडे पृथ्वीवर युगे लोटली! पुढे रेवतीचे लग्न बलरामाशी झाले.

ही झाली पुराणातली गोष्ट. पण चार किलोमीटर गेले की वार बदलतो, अशी जागा खरोखर आहे. तिची माहिती आज आपण घेऊ.

दोन बेटे

पृथ्वीच्या उत्तर टोकाकडे बेरिंगची सामुद्रधुनी आहे. तिच्या एका अंगाला रशिया, दुसऱ्या अंगाला अमेरिकेचा अलास्का. मधोमध दोन खडकाळ बेटे आहेत. थोरला डायोमीड रशियाचा, धाकटा डायोमीड अमेरिकेचा. दोघांत अंतर सुमारे चार किलोमीटर. म्हणजे आपल्या गावाहून शेजारच्या गावाइतकेच.

हिवाळ्यात धाकट्या बेटावर शनिवारचे दुपारचे बारा वाजले, की थोरल्या बेटावर रविवारचे सकाळचे नऊ वाजलेले असतात. एकवीस तासांचा फरक! म्हणून लोक एकाला आजचे बेट म्हणतात नि दुसऱ्याला उद्याचे.

यात जादू आहे का?

जादू काही नाही. पृथ्वी गोल आहे आणि ती चोवीस तासांत स्वतःभोवती एक फेरी घेते. म्हणून सगळीकडे एकदम उजाडत नाही. आसामात ऊन पडते तेव्हा आपल्याकडे कोंबडाही आरवलेला नसतो.

मग नवा वार कुठून मोजायचा? मारुतीला प्रदक्षिणा घालताना आपण काय करतो? देवळाच्या दारापासून मोजतो. दार आले, की एक फेरी झाली. दार नेमले नाही तर मोजणी चुकते. पृथ्वीच्या फेरीलाही असेच एक दार लागते. ते म्हणजे वाररेषा. ती बहुतेक समुद्रातूनच जाते, म्हणजे कुणाच्या गावाचे दोन वार होत नाहीत. या दोन बेटांच्या मधूनही तीच जाते. पश्चिमेकडे जाताना ती ओलांडली, की एक दिवस पुढचा धरायचा. पूर्वेकडे जाताना एक दिवस मागचा.

हे कळण्याआधी मोठा घोटाळा होई. मॅगेलनचे खलाशी पश्चिमेकडे जात जात पृथ्वीला फेरी घालून 1522 साली परत येत होते. वाटेत केप व्हर्दे बेटांवर उतरले. त्यांच्या वहीत बुधवार होता, किनाऱ्यावर गुरुवार! त्यांनी रोज नेमाने टिपण ठेवले होते. चूक कुणाचीच नव्हती. ते सूर्यामागून चालले होते. त्यांचा दररोजचा दिवस थोडा लांबत गेला आणि अखेर एक सूर्योदय कमी पडला.

रेषा आणि माणसे

1867 साली रशियाने अलास्का अमेरिकेला विकला. त्या वेळी तिथे शुक्रवारनंतर पुन्हा शुक्रवारच आला. दोन बेटांमधून हद्दही तेव्हाच गेली.

पण दोन्ही बेटांवर एकाच जमातीचे लोक राहत. सील नि वॉलरस मारून पोट भरीत. इकडची लेक तिकडे सून. होडीने किंवा गोठलेल्या समुद्रावरून जा-ये चाले. दुसऱ्या महायुद्धानंतर दोन राष्ट्रांत वैर आले. 1948 साली हद्द बंद झाली. थोरल्या बेटावरच्या लोकांना घरे सोडून रशियाच्या मुख्य भूमीवर जावे लागले. आज तिथे गाव नाही. धाकट्या बेटावरचे लहान गाव मात्र अजून आहे. घरासमोर आजोळ दिसे, पण पाऊल टाकता येत नसे.

1987 सालच्या ऑगस्टात लिन कॉक्स ही अमेरिकन बाई धाकट्या बेटावरून थोरल्या बेटावर पोहत गेली. पाणी बर्फासारखे गार. तिला दोन तासांहून थोडा जास्त वेळ लागला. दोन्ही देशांच्या पुढाऱ्यांनी तिचे कौतुक केले.

आम्ही वर्गात हा धडा सांगत असू, तेव्हा पोरे विचारीत, "गुरुजी, मग खरा वार कोणता?" आम्ही म्हणू, दोन्ही खरे. सूर्याला वार ठाऊक नाही. मोजणीसाठी माणसाने रेघ ओढली, ती उपयोगाची आहे. पण रेघेपायी नाती तोडावी, असे सूर्याने काही सांगितलेले नाही.

प्रश्न

1. दोन बेटांत अंतर किती?
2. खलाशांचा एक दिवस कुठे गेला?
3. तुमच्या गावात अशी एखादी रेघ आहे का, की जिच्यामुळे माणसे दुरावली? चार ओळी लिहा.