'अपुनर्भव' : एका पारिभाषिक शब्दाचा अर्थविचार

काही महिन्यांपूर्वी आंतरवासिता करणाऱ्या एका विद्यार्थ्याने लिहिलेले रुग्णपत्रक आमच्या पाहण्यात आले. रुग्णास दीर्घकालीन मधुमेहामुळे वृक्कविकार जडला होता. तपासणी-अहवालात 'इर्रिव्हर्सिबल' असा शेरा होता आणि विद्यार्थ्याने त्याचे भाषांतर 'वृक्कहानी – अपुनर्भव' असे केले होते. विद्यार्थी हुशार होता, त्याने शब्दही शास्त्रातीलच निवडला होता. तथापि शास्त्राच्या भाषेत त्या ओळीचा अर्थ 'वृक्कहानी बरी झाली असून ती पुन्हा उद्भवणार नाही' असा होतो. अहवालाचा आशय याच्या नेमका उलट होता.

ही चूक एकट्या विद्यार्थ्याची नाही. आपण वैद्यही हा शब्द भस्माविषयी, पंचकर्माविषयी आणि व्याधीच्या परिणामाविषयी सैलपणे वापरतो. म्हणून प्रस्तुत लेखात या शब्दाचे अर्थ, त्यांच्या मर्यादा आणि व्यवहारातील परिणाम यांचा विचार करण्याचे योजिले आहे.

१. व्युत्पत्ती

'पुनर्' म्हणजे पुन्हा आणि 'भव' म्हणजे होणे, जन्मणे. 'पुनर्भव' म्हणजे पुन्हा होणे. अमरकोशात 'पुनर्भव' हा नखाचा एक पर्याय म्हणून आला आहे. कापले तरी जे पुन्हा येते ते नख, हे ध्यानात ठेवले की शब्दाचा गाभा सहज कळतो. त्यास नकारार्थी 'अ' लागून 'अपुनर्भव' होतो. नामाप्रमाणे वापरल्यास 'पुन्हा न होणे' आणि विशेषणाप्रमाणे वापरल्यास 'ज्याचे पुन्हा होणे नाही असे' हा अर्थ मिळतो. पहिला प्रयोग मोक्षाविषयी, तर दुसरा भस्माविषयी रूढ आहे.

येथे प्रश्न असा उभा राहतो की, पुन्हा होत नाही ते काय? शास्त्रात या प्रश्नाची उत्तरे प्रकरणपरत्वे भिन्न आहेत.

२. चरकसंहितेतील दोन संदर्भ

सूत्रस्थानाच्या अकराव्या, तिस्रैषणीय अध्यायात परलोकैषणेच्या निमित्ताने पुनर्भवाची, म्हणजे पुनर्जन्माची, चर्चा येते व तो चारही प्रमाणांनी तपासला जातो. शारीरस्थानाच्या पहिल्या अध्यायात मोक्षाचे विवरण करताना सर्व संयोगांपासून होणाऱ्या वियोगास अपुनर्भव म्हटले आहे. येथे परत न येणारी गोष्ट म्हणजे जन्म.

दुसरा संदर्भ चिकित्सेचा आहे. सूत्रस्थानाच्या सोळाव्या, चिकित्साप्राभृतीय अध्यायात शोधन आणि शमन यांतील भेद सांगताना आचार्य म्हणतात की, लंघन-पाचनाने जिंकलेले दोष क्वचित् पुन्हा प्रकुपित होतात. संशोधनाने जिंकलेल्या दोषांचा मात्र पुनरुद्भव होत नाही. मूळ शिल्लक राहिलेल्या वृक्षाला पुन्हा अंकुर फुटावा, तसे हे समजावे. आज 'अपुनर्भव चिकित्सा' हा जो शब्दप्रयोग आपण करतो, त्याचा आधार हाच. येथे परत न येणारी गोष्ट म्हणजे दोषांचा प्रकोप.

पुनरुद्भवाची जाणीव आचार्यांना किती स्पष्ट होती, हे चिकित्सास्थानातील पुनरावर्तक ज्वराच्या वर्णनावरून दिसते. ज्वर सुटला, परंतु बल आले नाही, अशा अवस्थेत अपथ्य केल्यास ज्वर परततो. त्यासाठी किराततिक्त, कुटकी, मुस्ता, पर्पटक व गुडूची यांची योजना सांगितली आहे. अर्थात अपुनर्भव हा केवळ औषधाचा गुण नसून औषध, बल आणि पथ्य या तिहींचे ते फळ आहे.

३. रसशास्त्रातील अपुनर्भव

रसरत्नसमुच्चयाच्या परिभाषा सांगणाऱ्या आठव्या अध्यायात भस्मपरीक्षा येतात. हा ग्रंथ पुण्याच्या आनंदाश्रमाने छापल्यामुळे महाराष्ट्रातील वैद्यांच्या अनेक पिढ्यांना तो हाताशी मिळाला. त्यातील विधी असा : भस्मात गूळ, गुंज, टंकण, मध व तूप मिसळावे, मुशीत घालून तीव्र अग्नीवर फुंकावे. धातू मूळ स्वरूपात परत आला नाही, तर ते भस्म अपुनर्भव होय. इतरत्र गुळाऐवजी गुग्गुळ घेतलेला आढळतो. या द्रव्यांना मित्रपंचक म्हणतात. धातूला 'मारले' असेल तर हे पाच मित्र त्यास पुन्हा 'उठवू' पाहतात, आणि तरीही तो उठला नाही, तरच मारण पूर्ण झाले, अशी ही कल्पना आहे.

या कल्पनेमागील क्रिया आजच्या रसायनशास्त्राने उलगडते. गूळ, मध, तूप व गुंज जळताना कार्बन निर्माण होतो व तो धातूच्या ऑक्साइडमधील ऑक्सिजन काढून घेतो. टंकण, म्हणजे सोनार वापरतात ती सवागी, मळ विरघळवून सुट्या धातुकणांना एकत्र येऊ देते.

ही परीक्षा करण्यास कोल्हापूरसारखे गाव शोधून सापडणार नाही. गुळाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळाले तो हाच जिल्हा. गुजरीत सोनारांच्या मुशी आहेत, हुपरीत घरोघरी चांदीचे काम चालते. आम्ही स्वतः केलेले ताम्रभस्म एकदा गुजरीतील एका परिचित कारागिराकडे नेले होते. भस्म पाण्यावर तरंगत होते, बोटांच्या रेषांत भरत होते. वारितर व रेखापूर्ण या दोन्ही परीक्षा उत्तीर्ण झाल्याने आम्ही निश्चिंत होतो. मूस थंड झाल्यावर कारागिराने ती उलटी केली, तेव्हा तळाशी मोहरीएवढा लाल मणी निघाला. "वैद्यबुवा, तांबं जिवंत हाय की तुमचं," एवढेच तो म्हणाला. आम्ही ते भस्म रुग्णांस दिले नव्हते, ही त्यातल्या त्यात समाधानाची गोष्ट. गंधकासह आणखी पुटे दिल्यानंतर मणी मिळाला नाही. तांब्याचे ऑक्साइड कोळशाने सहज परतते. गंधकाशी झालेले संयुग तितक्या सहज परतत नाही, हे त्याचे कारण असावे.

'निरुत्थ' ही याच जातीची, परंतु अधिक सूक्ष्म परीक्षा. भस्मासोबत वजन केलेला चांदीचा तुकडा तापवतात. थंड झाल्यावर चांदीचे वजन वाढले नाही, तर भस्म निरुत्थ. सुटा धातू इतका थोडा असेल की त्याचा स्वतंत्र मणी होणार नाही, तरी तो वितळलेल्या चांदीत मिसळतो आणि तराजू ते सांगतो. अपुनर्भव व निरुत्थ हे शब्द समानार्थी मानण्याची चूक परीक्षेच्या उत्तरपत्रिकांत नेहमी दिसते. दोहोंचा हेतू एक असला तरी कसोट्या दोन आहेत.

४. अग्नीने दिलेले उत्तर कोठवर पुरते?

अपुनर्भव म्हणजे 'कधीच व कशानेही न परतणारे' असे नव्हे. ते 'या द्रव्यांसह, या अग्नीत न परतणारे' एवढेच आहे. आमच्या शिरोली व उद्यमनगर येथील फौंड्रीत जे कच्चे लोखंड येते, ते झोतभट्टीत लोहाच्या ऑक्साइडपासूनच कोकच्या साहाय्याने परत मिळविलेले असते. लोहभस्मातही मुख्यत्वे लोहाची ऑक्साइडेच असतात. मुशीत जे परतत नाही, ते मोठ्या भट्टीत परतते. म्हणून परीक्षेची नोंद करताना द्रव्यांचे प्रमाण, अग्नी व कालावधी लिहिणे आवश्यक आहे. केवळ 'अपुनर्भव – होय' ही नोंद अपुरी होय.

सुवर्णभस्माचा प्रश्न याहून सूक्ष्म आहे. क्ष-किरण परीक्षणात सुवर्णभस्मातील सोने अतिसूक्ष्म कणांच्या, परंतु धातुरूपातच असल्याचे संशोधकांनी नोंदविले आहे. तेथे 'धातू परतला' या शब्दांचा अर्थ काय घ्यावा, याचा विचार रसशास्त्राच्या अभ्यासकांनी मोकळ्या मनाने केला पाहिजे.

सर्वांत महत्त्वाची मर्यादा मात्र रुग्णाशी निगडित आहे. अपुनर्भव परीक्षेत आपण अग्नीला प्रश्न विचारतो. जठरातील अम्लाला नाही. पूर्वाचार्यांना हे ठाऊक होते, म्हणूनच ताम्रभस्मासाठी दह्याची किंवा लिंबाच्या रसाची वेगळी परीक्षा परंपरेने चालत आली. हिरवट छटा आली तर भस्म सदोष मानतात, कारण अम्लात तांबे उतरलेले असते. एका कसोटीवर दुसरीचे ओझे त्यांनी टाकले नाही.

आम्ही ते टाकलेले पाहिले आहे. काही वर्षांपूर्वी पोटात पिळवटून दुखणे, बद्धकोष्ठ व पांडुता घेऊन एक गृहस्थ आमच्याकडे आले. मधुमेहासाठी ते दुसरीकडून आणलेली, नाव व घटक नसलेली भस्माची पुडी अनेक महिने घेत होते. देणाऱ्याने त्यांना "हे अपुनर्भव भस्म आहे, अंगात धातू राहत नाही" असे सांगितले होते. रक्तातील शिशाचे प्रमाण वाढलेले आढळले. पुडी बंद करून त्यांना तातडीने रुग्णालयात पाठविले. शिशाचे संयुग मुशीत मणी देवो वा न देवो, शरीरात त्यातील शिसे विरघळून शोषले जाऊ शकते. अपुनर्भवत्व हा निर्विषत्वाचा दाखला नव्हे.

अमेरिकेतील बोस्टन परिसरात विक्रीस असलेल्या ७० आयुर्वेदिक उत्पादनांपैकी १४ मध्ये शिसे, पारा वा आर्सेनिक आढळल्याचे २००४ साली प्रसिद्ध झाले. त्यानंतर केंद्र शासनाने केवळ वनस्पतिज औषधांच्या निर्यातीसाठी १ जानेवारी २००६ पासून जड धातूंची तपासणी सक्तीची केली. त्या वेळी आपल्यापैकी अनेकांनी 'आमची भस्मे अपुनर्भव असतात' एवढेच उत्तर दिले. ते उत्तर पुरेसे नव्हते. विचारणारा शोषणाविषयी व मात्रेविषयी विचारत होता आणि आपण अग्निपरीक्षेविषयी सांगत होतो.

५. चिकित्सेतील आश्वासन

वमन-विरेचनानंतर 'आता व्याधी परत येणार नाही' असे सांगण्याचा मोह प्रत्येक वैद्यास होतो. आम्हीही त्यास अपवाद नव्हतो. व्यवसायाच्या प्रारंभी एककुष्ठाच्या एका रुग्णेस विरेचनाने उत्तम उपशम मिळाला. आम्ही उत्साहाने 'परत येणार नाही' असे सांगून मोकळे झालो. तिसऱ्या पावसाळ्यात त्या आजी पुन्हा दारात उभ्या होत्या. "तुम्ही म्हणाला हुता, परत येत न्हाई म्हणून," या त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. म्हणूनच ते अधिक लागले. चौकशी केली असता मासे व दूध एकत्र घेणे, दिवसा झोपणे पूर्ववत् सुरू होते. पथ्याविषयी आम्ही एक वाक्य बोललो होतो आणि आश्वासनाविषयी चार.

चरकाचार्यांचे विधान संशोधनाने जिंकलेल्या दोषांविषयी आहे. निदानसेवन चालू राहिल्यास नवा दोष साचणारच आणि नव्या दोषाचा हिशेब जुन्या शोधनाकडे मागता येत नाही. म्हणून अपुनर्भव चिकित्सेत शोधनाइतकेच निदानपरिवर्जन, संसर्जनक्रम व रसायन यांना स्थान हवे. शिवाय मधुमेहासारख्या व्याधी बऱ्या करण्याच्या जाहिरातींस १९५४ च्या औषधे व जादूटोणा उपचार (आक्षेपार्ह जाहिराती) अधिनियमाने मनाई आहे, हेही विसरू नये.

६. शब्दांची योग्य योजना

आता पुन्हा त्या रुग्णपत्रकाकडे वळू. मोक्ष, चिकित्सा व भस्म या तिन्ही ठिकाणी अपुनर्भव हा शब्द इष्ट अर्थाने येतो. परत येऊ नये अशीच गोष्ट परत येत नाही : जन्म, दोषप्रकोप, धातू. तपासणी-अहवालातील 'इर्रिव्हर्सिबल' या शेऱ्यात मात्र जे परत यावयास हवे, ते स्वास्थ्य परत येत नाही. या अर्थासाठी आपल्या शास्त्रात सूत्रस्थानाच्या दहाव्या अध्यायातील याप्य व प्रत्याख्येय या संज्ञा आहेत आणि त्या अधिक नेमक्या आहेत. औषध-पथ्याने जो तोलून धरता येतो तो याप्य. जो उपक्रमांस दाद देत नाही तो प्रत्याख्येय. 'परतणार नाही' एवढे सांगून न थांबता पुढे काय करता येईल, हेही त्या सांगतात. केवळ बदलाचे वर्णन करावयाचे असेल तर शालेय पुस्तकांतील 'अपरिवर्तनीय' हा शब्द पुरेसा आहे.

त्या विद्यार्थ्याने पत्रकात 'वृक्कहानी – अपरिवर्तनीय. व्याधी – याप्य' अशी दुरुस्ती केली. त्यानंतर आहार, रक्तदाब व नियमित तपासणी यांविषयी रुग्णाशी झालेले त्याचे बोलणे अर्धा तास चालले. शब्द बदलल्याने चिकित्सेची दिशा स्पष्ट झाली, असे आम्हांस वाटते.

निष्कर्ष

(१) 'अपुनर्भव' लिहिताना कशाचा पुनर्भव नाही, कोणत्या उपायाने नाही व कोणत्या परीक्षेत नाही, ही तीन उत्तरे सोबत द्यावीत.
(२) अपुनर्भव व निरुत्थ या स्वतंत्र परीक्षा आहेत. दोहोंच्या नोंदी वेगळ्या ठेवाव्यात.
(३) अपुनर्भवत्व हे भस्माच्या सिद्धीचे लक्षण आहे, सुरक्षिततेचे प्रमाणपत्र नव्हे. मात्रा, कालावधी, घटकांची नोंद व आवश्यक तेथे रक्ततपासणी यांना पर्याय नाही.
(४) रुग्णास आश्वासन देताना पथ्याची अट आधी आणि फळ नंतर सांगावे.
(५) स्वास्थ्य परत न येण्याच्या अर्थी हा शब्द वापरू नये.

आपापल्या चिकित्सालयांत भस्मपरीक्षा करणाऱ्या वैद्यबंधू-भगिनींनी आपल्या नोंदी, विशेषतः अनुत्तीर्ण ठरलेल्या भस्मांच्या, या त्रैमासिकाकडे अवश्य पाठवाव्यात. मुशीच्या तळाशी निघालेला एखादा लाल मणीही पुष्कळ शिकवून जातो, असा आमचा अनुभव आहे. इत्यलम्।